संमतिपत्राला आव्हान: आधी अपील की थेट हायकोर्ट?

मुंबई उच्च न्यायालयाचे कोल्हापूर सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ रोजी सुरू झाले आणि सोलापूर, कोल्हापूर, सांगली, सातारा, रत्नागिरी व सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांची प्रकरणे मुंबईऐवजी तिकडे चालू लागली. उच्च न्यायालय आवाक्यात आल्यामुळे आपल्याकडे एक सल्ला सर्रास दिला जातो: खाली कशाला हेलपाटे घालता, थेट रिट टाका, म्हणजे उच्च न्यायालयातच याचिका करा.

प्रदूषणाच्या प्रकरणांत हा सल्ला दोन्ही बाजूंना मोह पाडतो. गाळप हंगामात धुराड्यातून पडणाऱ्या काजळीने ज्याचे द्राक्षाचे घड काळवंडतात तो शेतकरी कारखान्याचा परवाना रद्द करून मागतो. आणि प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या आदेशावरून वीज तोडली गेल्यामुळे ज्याचे डाईंग भर दुपारी बंद पडते तो उद्योजक त्या आदेशाला स्थगिती मागतो. दोघांच्याही याचिकेवर न्यायालयाचा पहिला प्रश्न बहुधा एकच असतो, तो म्हणजे कायद्यात अपिलाची सोय असताना आपण इथे का आलात. या प्रश्नाचे उत्तर तयार नसेल, तर सीना नदीचे पाणी किती काळे झाले आहे हे सांगण्याची पाळी येण्याआधीच याचिका उंबरठ्यावरून परत येऊ शकते. हा प्रश्न का विचारला जातो, त्याला अपवाद कोणते आणि त्या गडबडीत हातची मुदत कशी निघून जाते, हे सोलापूरच्या वाचकाला डोळ्यांसमोर ठेवून येथे सांगत आहे.

संमतिपत्रात असते काय

१९७४ चा जलप्रदूषण कायदा आणि १९८१ चा हवाप्रदूषण कायदा यांनुसार सांडपाणी किंवा धूर बाहेर सोडणारा उद्योग राज्य मंडळाच्या पूर्वसंमतीशिवाय उभारता येत नाही आणि चालवताही येत नाही. त्यामुळे संमती दोन टप्प्यांत घ्यावी लागते, आधी उभारणीची आणि मग प्रत्यक्ष चालवण्याची. दुसरी ठरावीक मुदतीची असते व तिचे नूतनीकरण करावे लागते. अक्कलकोट रोडच्या किंवा चिंचोळीच्या औद्योगिक वसाहतीत याला कोणी 'कन्सेंट' म्हणतात, कोणी सरसकट 'एनओसी'. येथे त्याला संमतिपत्र म्हणू.

हा कागद एकदा शांतपणे वाचावा, अशी माझी प्रत्येकाला विनंती राहील. त्याच्या पहिल्याच पानावर मुदत कोणत्या तारखेला संपते ते, उत्पादनाचे नाव आणि कमाल क्षमता लिहिलेली असते. पुढच्या परिशिष्टांत दिवसाला किती घनमीटर सांडपाणी निघेल, ते कोणत्या प्रक्रियेनंतर कुठे जाईल, धुराडे किती उंच असेल, बॉयलरला कोणते इंधन वापरायचे आणि अटी पाळल्या नाहीत तर जप्त होणारी बँक हमी किती रकमेची, हे सारे असते. सांडपाण्यासाठी बीओडी नावाचे एक माप वापरतात. पाण्यातील सेंद्रिय घाण कुजवताना जिवाणू किती प्राणवायू खातात ते त्यावरून कळते. साखर कारखान्याचे सांडपाणी नदीनाल्यात सोडायचे असेल तर ही मर्यादा लिटरला ३० मिलिग्रॅम आहे आणि जमिनीवर सोडायचे असेल तर १००. ते पाणी नाल्याला जाणार की शेतात, या एका ओळीवर कारखान्याच्या प्रक्रिया यंत्रणेचा खर्च आणि खालच्या गावातील विहिरींचे भवितव्य, दोन्ही अवलंबून असतात.

लहान उद्योगांची संमती मंडळाच्या सोलापूर किंवा पुणे कार्यालयातून निघते, तर मोठ्या गुंतवणुकीच्या प्रकल्पांची मुंबईच्या मुख्यालयातून. पर्यावरण मंजुरी हा मात्र वेगळा कागद आहे. ती केंद्राच्या पर्यावरण मंत्रालयाकडून किंवा राज्यस्तरीय प्राधिकरणाकडून मिळते आणि तिच्यासाठी दाद मागण्याची वाटही वेगळी आहे. दोन्ही कागदांना 'परवानगी' म्हणण्याच्या सवयीमुळे अनेक अर्ज चुकीच्या दारात पडतात.

अपिलाची वाट कायद्यातच आखलेली आहे

जल कायद्याचे कलम २८ असे सांगते की, संमती देणे, नाकारणे, काढून घेणे किंवा तिला अटी घालणे याविषयीच्या मंडळाच्या आदेशाने व्यथित झालेली कोणतीही व्यक्ती, आदेश कळवला गेल्यापासून ३० दिवसांत अपिलीय प्राधिकरणाकडे अपील करू शकते. हवा कायद्याचे कलम ३१ जवळजवळ याच शब्दांत तीच सोय देते. हे प्राधिकरण राज्य शासन नेमते आणि ते एका किंवा तीन व्यक्तींचे असते.

तिथेही समाधान झाले नाही तर पुढची पायरी राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाची, म्हणजे ज्याला आपण हरित लवाद म्हणतो त्याची. महाराष्ट्राची प्रकरणे त्याच्या पुण्याच्या पश्चिम विभागीय खंडपीठाकडे जातात. २०१० च्या हरित न्यायाधिकरण कायद्याच्या कलम १६ खाली येथेही मुदत ३० दिवसांचीच आहे. सबळ कारण असेल तर लवाद आणखी ६० दिवसांपर्यंतचा उशीर माफ करू शकतो, त्यापुढे एक दिवसही नाही. लवादाच्या निर्णयावर ९० दिवसांत सर्वोच्च न्यायालयात अपील करता येते.

सोलापूरच्या दिवाणी न्यायालयात दावा लावून मनाईहुकूम आणू, असा विचार कोणाच्या मनात असेल तर तो सोडलेला बरा. जल कायद्याचे कलम ५८, हवा कायद्याचे कलम ४६ आणि हरित न्यायाधिकरण कायद्याचे कलम २९ यांनी ती वाट बंद केली आहे.

उच्च न्यायालय 'आधी तिकडे जा' का म्हणते

उसाच्या वजनाचे उदाहरण घेऊ. वाहन काट्यावर चढले, पावती हातात आली आणि वजन कमी भरल्याचा शेतकऱ्याला संशय आला. त्याच्यापुढे दोन प्रकारच्या तक्रारी असतात. पहिली अशी की, वजन चुकले आहे, वाहन पुन्हा काट्यावर घ्या. दुसरी अशी की, काट्यावर वैधमापनाचा शिक्काच नव्हता, वजन करणारा माणूस त्या कामाला नेमलेलाच नव्हता, किंवा मला आकडा बघू न देता पावती फाडली. पहिल्या तक्रारीत ऊस पुन्हा मोजावा लागतो. दुसरीत तो मोजण्याची गरजच नसते, कारण वजन करण्याची रीतच चुकलेली असते.

अपील पहिल्या प्रकारचे आहे. अपिलीय प्राधिकरण मंडळाची संपूर्ण फाइल मागवू शकते, नमुन्यांचे अहवाल तपासू शकते, बीओडीची मर्यादा ३० ऐवजी ५० का धरली असे विचारू शकते, अट बदलू शकते आणि तांत्रिक निष्कर्ष चुकीचा वाटला तर तो बदलून स्वतःचा निष्कर्षही देऊ शकते. रिट याचिका मुख्यतः दुसऱ्या प्रकारची आहे. संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालय निर्णय योग्य होता का यापेक्षा तो कायद्याच्या रीतीने घेतला गेला का हे पाहते. साक्षीपुरावे घेणे, प्रयोगशाळेच्या दोन परस्परविरोधी अहवालांपैकी खरा कोणता ते ठरवणे, विहिरीतला क्षार डिस्टिलरीच्या स्पेंट वॉश नावाच्या सांडपाण्यामुळे आला की पूर्वीपासून होता याचा निवाडा करणे, ही कामे प्रतिज्ञापत्रांवर चालणाऱ्या रिट याचिकेत नीट होत नाहीत, आणि न्यायालये ती सहसा अंगावर घेत नाहीत.

म्हणूनच अपील ही दुय्यम वाट आहे हा समज मला घातक वाटतो. ज्याचे म्हणणे 'मंडळाने विज्ञान चुकीचे वाचले' असे आहे, त्याच्यासाठी अपिलाइतके खोल जाणारे दुसरे व्यासपीठ नाही. तो थेट उच्च न्यायालयात गेला आणि समजा याचिका दाखल करून घेतली गेली, तरीही बहुधा त्याला हवा असलेला प्रश्न तिथे सोडवला जाणार नाही.

मग हायकोर्टाचे दार बंद आहे का?

नाही, आणि हे ठामपणे सांगायला हवे, कारण मंडळाचे आणि कारखान्यांचे वकील कधीकधी ते बंदच असल्यासारखा युक्तिवाद करतात. अनुच्छेद २२६ ची अधिकारिता संविधानाने दिलेली आहे. संसदेचा कायदा ती काढून घेऊ शकत नाही, हे १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालापासून पक्के आहे. हरित लवादाबाबत तोच प्रश्न पुन्हा उपस्थित झाला, तेव्हा मध्य प्रदेश उच्च न्यायालय वकील संघाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १८ मे २०२२ रोजी स्पष्ट केले की, लवादाच्या स्थापनेमुळे उच्च न्यायालयांचा अधिकार जराही कमी झालेला नाही.

पर्यायी दाद, म्हणजे अपिलासारखी उपलब्ध असलेली सोय, आधी वापरावी हा नियम म्हणजे न्यायालयाने स्वतःवर घालून घेतलेला संयम आहे. १९५८ च्या मोहम्मद नूह निकालात सर्वोच्च न्यायालयाने त्याला धोरण, सोय आणि विवेकाचा नियम म्हटले होते. २०२३ मध्ये गोदरेज सारा ली प्रकरणात न्यायालयाने यातला बारकावा अधिक सोपा केला: याचिका करताच येत नाही ही एक गोष्ट, आणि याचिका करता येत असूनही न्यायालयाने ती ऐकून घ्यावी की नाही ही दुसरी. अपील उपलब्ध असले की दुसरा प्रश्न उभा राहतो, पहिला नव्हे.

ती कधी ऐकून घ्यावी याच्या कसोट्या १९९८ च्या व्हर्लपूल निकालात एकत्र सापडतात. वाद होता एका ट्रेडमार्कच्या नोंदणीचा, आणि आज मळीच्या पाण्यावरच्या याचिकेतही वकील त्याचाच दाखला देतात. कायद्याच्या जगात अशा गमती चालतात. मूलभूत हक्काची अंमलबजावणी मागितली असेल, नैसर्गिक न्यायाची पायमल्ली झाली असेल म्हणजे म्हणणे मांडण्याची संधीच दिली नसेल, आदेश काढणाऱ्याला तो अधिकारच नसेल, किंवा कायद्याच्याच वैधतेला आव्हान असेल, तर पर्यायी दाद आडवी येत नाही. शिवाय ती दाद नावापुरती नव्हे, परिणामकारक असावी लागते. अपिलीय प्राधिकरणावर कोणी नेमलेलेच नसेल किंवा ते महिनोन्महिने बसतच नसेल, तर तारीखवार पुराव्यानिशी तसे सांगून उच्च न्यायालयात जाता येते.

या अपवादांत नैसर्गिक न्यायाचा मुद्दा सर्वांत जास्त वापरला जातो आणि सर्वांत जास्त फसतोही. उद्योजक सांगतो की मला ऐकून न घेता बंदीचा आदेश काढला. मग मंडळ कारणे दाखवा नोटीस पुढे करते, तिच्या पोचपावतीवर कारखान्याचाच शिक्का असतो आणि उत्तर मात्र पाठवलेले नसते. मुद्दा तिथेच संपतो. शेजारच्या गावकऱ्यांसाठी हा अपवाद आणखी अवघड आहे, कारण संमती देण्याआधी शेजाऱ्यांची सुनावणी घेण्याची तरतूद जल आणि हवा कायद्यांत नाही. जनसुनावणी असते ती पर्यावरण मंजुरीच्या प्रक्रियेत, आणि तिथेही ठरावीक प्रकल्पांसाठीच.

'स्वच्छ हवापाणी हा मूलभूत हक्क आहे, मग अपवाद आपोआप लागू होत नाही का?'

हा आक्षेप वजनदार आहे. १९९१ च्या सुभाष कुमार विरुद्ध बिहार राज्य या निकालात सर्वोच्च न्यायालयाने प्रदूषणमुक्त हवा व पाणी उपभोगण्याचा हक्क अनुच्छेद २१ मधील जीविताच्या हक्कात अंतर्भूत मानला. पर्यावरणविषयक जवळजवळ प्रत्येक याचिकेत हे वाक्य उद्धृत होते. त्या याचिकेचे पुढे काय झाले हे मात्र क्वचितच सांगितले जाते. याचिकाकर्त्याचा कारखान्याशी खासगी हितसंबंधांचा वाद होता आणि जनहिताचे केवळ पांघरूण घेतले आहे असे न्यायालयाला आढळले, त्यामुळे ती याचिका खर्चासह फेटाळण्यात आली.

प्रत्येक संमतिपत्राचा संबंध हवेशी किंवा पाण्याशी असतोच. अनुच्छेद २१ चा उल्लेख एवढ्यानेच अपवाद लागू झाला, तर संसदेने आखलेल्या अपिलाच्या वाटेला अर्थच उरणार नाही. त्यामुळे न्यायालये शब्दापेक्षा वस्तुस्थिती पाहतात. गावाच्या एकुलत्या एक पाणीपुरवठ्याच्या विहिरीत रसायन उतरले आहे, मंडळाला वारंवार कळवूनही कोणी फिरकलेले नाही आणि अपिलाची वाट पाहिली तर नुकसान भरून येणार नाही, असे चित्र कागदोपत्री उभे राहिले तर उच्च न्यायालय हस्तक्षेप करते. संमतिपत्रातील बीओडीची मर्यादा अधिक कडक हवी होती, एवढेच म्हणणे असेल तर अपिलाकडे बोट दाखवले जाण्याची शक्यता जास्त.

'अपील म्हणजे मंडळाविरुद्ध मंडळाकडेच गाऱ्हाणे'

अपिलीय प्राधिकरण हे मंडळाचा भाग नाही, ते स्वतंत्रपणे नेमले जाते. पण या शंकेमागे जो अविश्वास आहे तो अगदीच निराधार नाही, कारण प्राधिकरणावर कोण बसतो यावर सारे अवलंबून असते, आणि सर्वोच्च न्यायालयानेही त्यावर बोट ठेवले आहे.

हैदराबादच्या उस्मानसागर आणि हिमायतसागर या पाणीपुरवठ्याच्या जलाशयांपासून दहा किलोमीटरच्या आत एरंडेलापासून रसायने बनवणारा कारखाना उभा राहत होता. आंध्र प्रदेश मंडळाने संमती नाकारली. कंपनीने कलम २८ खाली अपील केले आणि अपिलीय प्राधिकरणाने एका शास्त्रज्ञाच्या प्रतिज्ञापत्रावर भिस्त ठेवून ते मंजूर केले. उच्च न्यायालयानेही मंडळाला संमती देण्यास सांगितले. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले, तेव्हा एम. व्ही. नायडू प्रकरण म्हणून ओळखल्या जाणाऱ्या १९९९ च्या निकालात न्यायालयाने सांगितले की, अशा प्राधिकरणांत न्यायिक व्यक्तीबरोबर पर्यावरणाचे तांत्रिक ज्ञान असलेले लोक असायला हवेत, आणि कारखाना निर्धोक आहे हे सिद्ध करण्याचा भार तो उभारणाऱ्यावर असतो. २००० मध्ये अंतिम निकाल मंडळाच्या नकाराच्या बाजूने लागला. उजनीचे किंवा हिप्परग्याच्या तलावाचे पाणी पिणाऱ्या आपल्यासारख्यांनी हे प्रकरण मुळातून वाचण्याजोगे आहे. अपिलाची यंत्रणा चुकू शकते, तशीच ती पुढच्या पायरीवर दुरुस्तही होते; पण तोपर्यंत वर्षे जातात, हे नाकारण्यात अर्थ नाही.

माझे स्वतःचे मत असे की, कलम २८ ची रचना करताना डोळ्यांसमोर मुख्यतः संमती नाकारला गेलेला कारखानदार होता. 'व्यथित झालेली कोणतीही व्यक्ती' हे शब्द शेजाऱ्यालाही सामावून घेतात, आपल्याला झळ कशी पोचते एवढे त्याने दाखवायचे असते. पण आदेश कळवला जातो तो कारखानदाराला. शेजाऱ्याला तो कळतो बॉयलर पेटल्यावर.

पुण्याच्या हरित लवादाकडे थेट का जाऊ नये?

काही आदेशांसाठी थेट जाता येते. पर्यावरण मंजुरीवरचे अपील सरळ लवादाकडेच असते. जल कायद्याच्या कलम ३३अ खाली मंडळाने कारखाना बंद करण्याचे किंवा वीज-पाणी तोडण्याचे निर्देश दिले, तर त्यावरचे अपीलही कलम ३३ब नुसार थेट लवादाकडे जाते. हवा कायद्याच्या कलम ३१अ खालच्या निर्देशांना मात्र ही थेट वाट नाही, तिथे आधी अपिलीय प्राधिकरण आहे. मंडळाचे बंदीचे आदेश बहुधा दोन्ही कायद्यांचा आधार घेतात, आणि वकिलांचीही पंचाईत नेमकी इथे होते. संमती देण्याच्या किंवा नाकारण्याच्या आदेशासाठी तर दोन्ही कायद्यांत आधी प्राधिकरण आणि मग लवाद हाच क्रम आहे.

पायरी चुकवली की काय होते ते तुतुकुडीच्या स्टरलाइट तांबे प्रकल्पाच्या प्रकरणात दिसले. तामिळनाडू मंडळाने ९ एप्रिल २०१८ रोजी संमतीचे नूतनीकरण नाकारले आणि कंपनीने अपिलीय प्राधिकरणाकडे अपील केले. २२ मे रोजी आंदोलकांवर झालेल्या पोलिस गोळीबारात तेरा जणांचा बळी गेला आणि पाठोपाठ प्रकल्प कायमचा बंद करण्याचे आदेश निघाले. कंपनी थेट लवादाकडे गेली आणि लवादाने १५ डिसेंबर २०१८ रोजी तिच्या बाजूने निर्णय दिला. १८ फेब्रुवारी २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला. प्रकल्प प्रदूषण करतो की नाही या वादात न्यायालय शिरलेच नाही, लवादाला ते प्रकरण ऐकण्याचा अधिकार नव्हता एवढ्यावरच निकाल लागला. पुढे कंपनी मद्रास उच्च न्यायालयात गेली, तिथे ऑगस्ट २०२० मध्ये हरली आणि २९ फेब्रुवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयानेही तिची याचिका फेटाळली. नामांकित वकिलांची फौज पदरी असलेल्या कंपनीची ही गत, तर ग्रामपंचायतीच्या ठरावावर वर्गणी काढून लढणाऱ्यांनी दार निवडताना किती जपायला हवे!

भांडण परवान्याशी की परवान्याच्या भंगाशी?

आपल्याकडच्या अनेक निवेदनांत मागणी असते 'कारखान्याची परवानगी रद्द करा', आणि खालचा मजकूर सांगतो की रात्री प्रक्रिया न करता पाणी नाल्यात सोडले जाते, धुराड्यावरची धूळ अडवणारी यंत्रणा बंद ठेवली जाते, मंजूर क्षमतेपेक्षा जास्त गाळप होते. हे सारे संमतिपत्राचे दोष नाहीत, त्याच्या अटींचा भंग आहे. या भांडणात संमतिपत्र हेच गावकऱ्यांचे हत्यार असते, आणि त्यालाच आव्हान देणे म्हणजे आपलेच हत्यार बोथट करणे होय.

अशा वेळी अपिलाचा प्रश्नच येत नाही. मंडळाच्या उपप्रादेशिक अधिकाऱ्याकडे, अटीचा क्रमांक देऊन, तारीख-वेळ आणि छायाचित्रांसह लेखी तक्रार करावी. मंडळ हलले नाही तर हरित न्यायाधिकरण कायद्याच्या कलम १४ खाली पुण्यात मूळ अर्ज करता येतो. त्याची मुदत वादाचे कारण प्रथम घडल्यापासून सहा महिने, आणि सबळ कारण असल्यास आणखी ६० दिवस. नुकसानभरपाई किंवा जमीन-पाणी पूर्ववत करून मागायचे असेल तर कलम १५ खाली पाच वर्षांची मुदत आहे. आणि मंडळ आपले कर्तव्यच बजावत नाही, तक्रारीवर निर्णयच घेत नाही, अशी स्थिती असेल तर अपील करण्याजोगा आदेशच अस्तित्वात नसतो. तिथे 'निर्णय घ्या' असा हुकूम मागणारी रिट याचिका अधिक सयुक्तिक ठरते.

याच्याच जवळचा एक पेच मानीव संमतीचा आहे. जल कायद्यानुसार परिपूर्ण अर्ज केल्यापासून चार महिन्यांत मंडळाने निर्णय दिला नाही, तर संमती विनाअट मिळाल्याचे धरले जाते. शेजाऱ्याने अशा वेळी अपील कोणत्या आदेशावर करायचे? ज्या आदेशाचा कागदच नाही त्यावर अपिलाचा पर्याय खरोखर उपलब्ध आहे का, हा युक्तिवाद उच्च न्यायालयापुढे जोरकसपणे मांडता येण्याजोगा आहे.

तीस दिवस कुठे जातात

संमतिपत्राची प्रत मिळवण्यासाठी पहिली सूचना येते ती माहिती अधिकाराच्या अर्जाची. त्या कायद्यात उत्तराला मुदत ३० दिवस, आणि अपिलालाही मुदत ३० दिवस. म्हणजे उत्तराची वाट पाहत बसणारा माणूस आधीच उशिरा पोचतो. त्यापेक्षा मंडळाच्या संकेतस्थळावर कारखान्याच्या नावाने शोध घ्यावा आणि त्याच दिवशी जल कायद्याच्या कलम २५(६) चा आधार घेऊन उपप्रादेशिक कार्यालयात लेखी अर्ज द्यावा. मंडळाने संमतीच्या अटींची नोंदवही ठेवली पाहिजे आणि बाधित किंवा संबंधित व्यक्तीला ती कामकाजाच्या वेळेत पाहू दिली पाहिजे, असे हे उपकलम सांगते. कार्यालयात त्याची फारशी सवय नसल्याने उपकलमाची झेरॉक्स बरोबर न्यावी, आणि प्रत ज्या दिवशी हाती पडली त्या तारखेची पोच जपून ठेवावी, कारण शेजाऱ्याला आदेश कधी कळला हा वाद पुढे हटकून निघतो.

अपील दाखल केले म्हणजे आदेश आपोआप थांबत नाही. स्थगितीचा वेगळा अर्ज त्याच दिवशी द्यावा लागतो, मग तो कारखानदार असो की शेतकरी.

मुदत टळली म्हणून रिटचा आसरा घेण्याची युक्ती मात्र चालत नाही. २०२० च्या ग्लॅक्सो स्मिथ क्लाइन प्रकरणात, करकायद्याखालच्या अपिलाची वाढीव मुदतही संपल्यावर केलेली रिट याचिका उच्च न्यायालयाने ऐकून घेऊ नये, असे सर्वोच्च न्यायालयाने सांगितले. जल कायद्यात या बाबतीत थोडी सवलत आहे: कलम २८ खालच्या अपिलीय प्राधिकरणाला सबळ कारण दिसले तर ३० दिवसांनंतरही अपील घेता येते, आणि त्यासाठी लवादासारखी ६० दिवसांची कमाल मर्यादा कायद्याने घातलेली नाही. शेजाऱ्याला आदेश उशिरा कळला हे असे कारण होऊ शकते, तारखांचे कागद नीट असतील तर.

तेही जमले नाही, तर संमतिपत्राच्या पहिल्या पानावरची मुदतीची तारीख पाहावी. नूतनीकरण म्हणजे नवा आदेश, आणि त्यावर नवे ३० दिवस. पट्टा पडल्यानंतर, म्हणजे गाळप हंगाम संपल्यावर, कारखाना शांत असतो आणि गावही विसरलेले असते, पण नूतनीकरणाच्या अर्जाआधी मंडळाच्या फाइलमध्ये हंगामातील तक्रारी, पाण्याच्या नमुन्यांचे अहवाल आणि ग्रामपंचायतीचा ठराव पोचसहित गेलेले असतील, तर मंडळाला त्यांचा विचार केल्याचे दाखवावे लागते. नवा आदेश त्या कागदांबद्दल अवाक्षरही काढत नसेल, तर अपिलाचा पहिला मुद्दा मंडळानेच लिहून दिलेला असतो.